कोणाचा गं फोन?

वय 36. गाडीचा हप्ता मी भरते, सिलिंडर मी बुक करते, बाबांच्या बीपीच्या गोळ्या मी आणते. पण फोन वाजला की स्वयंपाकघरातून ठरलेलं, "कोणाचा गं?"

बारा वर्षांनी तो पुन्हा बोलायला लागलाय. (हो, तोच. आईला नावही चालत नाही.) मी म्हणते, ऑफिसमधून. रात्री साडेदहाला! मग मी गच्चीत, आणि मागोमाग आई, वाळलेले कपडे काढायला. तेही पावसाळ्यात.

बाहेर भेटावं तर नाशकात कुठे? सोमेश्वरला गेलो, मावशी दर्शनाच्या रांगेत. गंगापूर रोडला मिसळ खायला बसलो, तर बाबांचे जॉगिंग ट्रॅकवाले काका शेजारच्याच टेबलावर, "अरे वा, आज सुट्टी का?" शेवटी धापा टाकत पांडवलेणी चढलो. वर शेजारच्या काकू, नातवाचे फोटो काढत! 1982 साली इथे महापालिका झाली म्हणे. बातम्या अजून वाड्यातल्यासारख्याच पोचतात.

लग्न कर म्हणून डोकं खाणारी हीच माणसं, बरं का.

आत्ताही हे टाइप करतेय, तर बाबांनी टीव्हीचा आवाज बारीक केलाय.