सही घेण्याआधी तडजोड वाचून दाखवा

आज सकाळी एका नातेवाइकांकडे वाटपाच्या दाव्याचा विषय निघाला होता. दावा आता तडजोडीने मिटतो आहे, याचे समाधान सगळ्यांच्या चेहऱ्यावर होते. तेवढ्यात घरातला शिकलेला मुलगा म्हणाला, "आत्याला तारखेला आणतो आणि सही घेतो, वाचून दाखवत बसलो तर दिवस जायचा." बसलेल्यांपैकी एकालाही त्यात वावगे वाटले नाही. मला वाटले, आणि अजून राग गेलेला नाही.

भाऊबंदकीचा दावा तडजोडीने मिटावा, याच मताचा मी आहे. आमच्या शेताचा दावाही सोलापूरच्या दिवाणी न्यायालयात असाच मिटला. मसुद्यात गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा सगळे चोख होते. न्यायाधीशांनी आजीला पुढे बोलावून विचारले, "यात काय लिहिलंय ते माहीत आहे का?" आजी म्हणाली, "पोरं म्हणत्यात म्हणून सही करत्ये." त्यांनी कागद बाजूला ठेवला आणि तो तिला पहिल्यापासून वाचून दाखवायला लावला. ऐकून झाल्यावर तिने एवढेच विचारले, "हिरीच्या पाण्याची पाळी कुठं हाय ह्यात?" ती कुठेच नव्हती. विहीर थोरल्या काकांच्या हिश्शात गेली होती आणि बाकीच्यांनी पाणी कुठून घ्यायचे, याबद्दल अक्षरही नव्हते.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23, नियम 3 प्रमाणे तडजोड कायदेशीर, लेखी आणि पक्षकारांच्या सहीची असावी लागते आणि न्यायालयाची तशी खात्री पटल्यावरच हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा निकाल सांगणारा न्यायालयाचा हुकूम, होतो. लेखी आणि सहीची ही अट 1976 च्या दुरुस्तीने आली. म्हणजे कायद्याने सहीला एवढे वजन दिले, आणि आपण ती पोस्टमनच्या पावतीवर घ्यावी तशी घेतो! संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर कलम 96(3) प्रमाणे अपील नाही, आणि तडजोडच बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावा लावायला नियम 3अ ची मनाई आहे. फसवणूक झाली असेल तर त्याच न्यायालयात अर्ज करता येतो, हे खरे. पण सख्ख्या भाच्याविरुद्ध तो अर्ज आत्या करणार आहे का? लोकअदालतीत कोर्ट फी परत मिळते, पण तिथल्या निवाड्यावरही अपील नाहीच.

अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, मुलाच्या वतीने पालक तडजोड करतो, तेव्हा न्यायालयाची परवानगी सक्तीची असते. सज्ञान पण अक्षरशत्रू बाईला आधार असतो तो न्यायाधीशांच्या त्या एका प्रश्नाचा, आणि घरून तिला पढवून आणलेले असते, "हो म्हण." हिंदू वारसा कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीने वडिलार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतका हिस्सा दिला, तो "हिस्सा भरून पावला" अशा एका ओळीत जातो.

तारखांना लोक थकतात आणि न्यायालयाच्या रोजच्या बोर्डावर प्रकरणांची रांग असते, हे मान्य. तो मुलगाही लबाड नाही. त्याला घरातले भांडण एकदाचे संपायला हवे आहे, हे मला दिसते. आमच्याकडेही घाई होतीच. तरी त्या दिवशी पाण्याच्या पाळीचे कलम हाताने लिहिले गेले, त्याखाली सगळ्यांच्या सह्या झाल्या आणि मगच हुकूमनामा झाला. पाण्यावरून आमच्यात पुन्हा कधी वाद झाला नाही.

म्हणून त्या घराला माझे सांगणे आहे की, मसुदा तारखेच्या आधी आत्यांच्या घरी न्या, सावकाश वाचून दाखवा आणि त्यांना विचारू द्या. त्यांना हिस्सा सोडायचा असेल तर काय सोडत आहेत ते न्यायाधीशांसमोर त्यांच्याच तोंडून येऊ द्या; सोडायचा नसेल तर तो त्यांच्या नावे मसुद्यात लिहा.