मख्ख चेहरा की ऐकणारा चेहरा?

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. ख्रिस्तोस पासालिस या ग्रीक नटावर मी माझ्या लेखात उगाच स्तुतिसुमनं उधळली, त्याचा चेहरा मख्ख असतो, आणि अभिनय जमेना म्हणून तो लेखन-दिग्दर्शनात शिरला, असं तुमचं म्हणणं.

आधी माझी चूक. 'द सिटी अँड द सिटी' (२०२२) हा चित्रपट मी दिग्दर्शक म्हणून एकट्या पासालिसच्या नावावर टाकला होता. तो सिलास त्झुमेर्कास आणि पासालिस या दोघांचा. लेखात दुरुस्ती केली आहे. मनापासून आभार.

पण 'जमेना म्हणून शिरला' हे अजिबात खरं नाही. २००४मध्ये अथेन्सला त्याने अँगेलिकी पापुलिया आणि योर्गोस वालाइस यांच्यासोबत 'ब्लिट्झ' हा नाट्यगट काढला. तिथे संहितेपासून दिग्दर्शनापर्यंत सगळं मिळून करायचं, हीच रीत. त्याने काम केलेला, योर्गोस लँथिमोसचा 'डॉगटूथ' हा चित्रपट आला २००९मध्ये. तोवर हा माणूस पाच वर्षं रंगभूमीसाठी लिहीत होता.

आता मख्खपणा. 'डॉगटूथ'ची सुरुवात आठवा. तीन मोठी झालेली भावंडं बाथरूममध्ये टेप ऐकताहेत. आईचा आवाज नवे शब्द शिकवतो: समुद्र म्हणजे लाकडी हातांची, चामड्याची खुर्ची. ही मुलं कधी घराच्या कुंपणाबाहेर गेलेलीच नाहीत. मुलाचं काम करणाऱ्या पासालिसने तिथे भुवई जरी उंचावली असती, तरी त्याला संशय आला असाच अर्थ झाला असता, आणि पुढचा सगळा डोलारा तिथेच कोसळला असता. काही न करता नुसतं ऐकणं, समोरचा सांगेल ते खरं मानून ऐकणं, हे नटाला फार जड जातं. मला त्याचं मोल तिथे वाटतं.

'द सिटी अँड द सिटी'त ग्रीसमधल्या थेसालोनिकी शहराच्या ज्यूंची गोष्ट सांगताना आजचं शहर दिसतं, याला तुम्ही 'सावळागोंधळ' म्हणालात. ११ जुलै १९४२ला जर्मनांनी तिथल्या एलेफ्थेरियास चौकात सुमारे ९,००० ज्यू पुरुषांना भर उन्हात उभं करून छळलं. पुढच्या वर्षी ४०,०००हून जास्त ज्यूंना आउशविट्झच्या मृत्युछावणीत पाठवलं. त्याच चौकात नंतर कित्येक वर्षं गाड्यांचं पार्किंग होतं. ज्यूंच्या उद्ध्वस्त दफनभूमीवर विद्यापीठ उभं राहिलं. अशा शहरात काल आणि आज वेगळे काढून दाखवणं मलाच खोटं वाटलं असतं.

शेवटचं, जे मूळ लेखात लिहायला हवं होतं. 'सायलेन्स ६-९' (२०२२) पासालिसने दिग्दर्शित केला, पटकथेत त्याचा हात आहे आणि पापुलियासोबत प्रमुख भूमिकाही त्याचीच. ओसाड होत चाललेलं गाव, उंच अँटेना आणि नाहीशा झालेल्या माणसांचे आवाज साठवलेल्या टेप. तेरा वर्षांपूर्वी टेपवरचा आवाज निमूट ऐकणारा मुलगा इथे टेपचीच गोष्ट सांगतो आहे. हे दोन चित्रपट लागोपाठ पाहा आणि पुन्हा लिहा. तेव्हाही पटलं नाही, तर तसंच सांगा.