वहिवाट आहे, सातबारा नाही

गावाकडे एक शेत प्रत्येकाच्या ओळखीचं असतं. नांगर एकाचा, पीक त्याचंच, बांधावर बाभळीच्या काट्यांचं कुंपणही त्यानेच घातलेलं. पण सातबारा काढला की नाव निघतं भावकीतल्या दुसऱ्याचं. दोघं एकमेकांच्या लग्नाला जातात, पंगतीला शेजारी बसतात, फक्त शेताचा विषय निघाला की एकाला अचानक चष्मा सापडत नाही.

मोल्दोव्हाच्या पूर्व कडेला, नीस्तर नदीच्या काठाने असं एक लांबट, चिंचोळं शेत पसरलं आहे, ट्रान्सनिस्ट्रिया नावाचं. २ सप्टेंबर १९९० रोजी त्याने जाहीर केलं की आम्ही वेगळे निघालो. तेव्हापासून तिथे स्वतःचा झेंडा आहे (विळा-हातोड्यासकट), राष्ट्राध्यक्ष, संसद, सैन्य, चलन, टपालतिकिटं, सगळं आहे. सातबाऱ्यावर मात्र नाव मोल्दोव्हाचंच. संयुक्त राष्ट्रांच्या एकाही सदस्य देशाने त्याला मान्यता दिलेली नाही. ज्यांच्या जिवावर हे चाललंय त्या रशियानेही नाही. साक्षीला उभे राहतात ते जॉर्जियातून असेच फुटून निघालेले अबखाझिया आणि दक्षिण ओसेशिया. त्यांचे स्वतःचे फेरफार अजून मंजूर व्हायचे आहेत, तेव्हा त्यांच्या सहीला किती वजन ते तुम्हीच ठरवा.

हे शेत बघायला मोल्दोव्हाच्या राजधानीतून, किशिनावहून, एका दिवसाची सहल निघते. सकाळी न्यायचं, संध्याकाळी आणून सोडायचं, गाईड बरोबर. सत्तरेक किलोमीटरचा रस्ता. किशिनावहून मार्श्रुत्का म्हणजे मिनीबस स्वस्तात तिथल्या राजधानीला, तिरास्पोलला नेते, मग गाईड कशाला, असं गटातला एक हिशेबी माणूस विचारतोच. त्याला मी एवढंच म्हणेन, की मार्श्रुत्कातून जा खुशाल, पण तुमचा फोन बंद पडणार, कार्ड चालणार नाही, पाट्या रशियन लिपीत असणार आणि परतीची गाडी कधी हे रशियनमध्येच विचारावं लागणार. गाईडला पैसे इतिहास सांगण्याचे नसतात. या चार गोष्टींचे असतात.

आधी नावाचं बघू. आपण सगळे ‘ट्रान्सनिस्ट्रिया’ म्हणतो, म्हणजे नीस्तरच्या पलीकडचा. हे झालं किशिनावकडे उभं राहून. तिथल्या लोकांना ते आवडत नाही. शिवाय १९४१ ते ४४ या काळात रुमानियाच्या ताब्यात असताना याच नावाचा कारभार इथे होता, त्याच्या आठवणी वाईट आहेत. ते म्हणतात ‘प्रिदनेस्त्रोव्ये’, नीस्तरकाठचा. जीभ वळत नसेल तर ‘इथे’ म्हणा. ‘इथे छान आहे’ या वाक्यावर कुठल्याही बाजूचा आक्षेप नाही.

आता नाका. या सहलीतलं खरं दर्शन इथेच आहे, पण बहुतेकांचा हा वेळ रांगेत चिडण्यात जातो. मोल्दोव्हाच्या मते ही सीमाच नाही, सबब त्यांचा पासपोर्ट-शिक्का इथे नाही. पलीकडच्यांच्या मते ही सीमाच आहे, म्हणून त्यांची केबिन, काच, गणवेश, संगणक सगळं आहे, पण शिक्का तेही मारत नाहीत. ते देतात एक चिठ्ठी. किराण्याच्या पावतीएवढा कागद, वर तुमचं नाव आणि कोणत्या दिवशी किती वाजेपर्यंत बाहेर पडायचं ते छापलेलं. पैसे पडत नाहीत. पासपोर्ट मूळच लागतो; झेरॉक्स, फोनमधला फोटो, आधार कार्ड यातलं काही चालत नाही. आणि हो, भारतीय पासपोर्ट असेल तर आधी मोल्दोव्हाचा व्हिसा हवा. शेत बघायला सातबाऱ्यावरच्या मालकाची परवानगी लागते, वहिवाटदाराची चिठ्ठी त्यानंतर.

ही चिठ्ठी जपणं हीच दिवसभरातली मोठी जबाबदारी. जाताना ती परत द्यायची असते आणि ती नसेल तर तुमच्यासाठी सगळी गाडी खोळंबते. ती हरवते कशी, याची कारणं ठरलेली. खिशातून रुमाल काढताना पडते. पाण्याच्या बाटलीला चिकटून लगदा होते. दुकानातल्या चार पावत्यांबरोबर कचऱ्याच्या डब्यात जाते, कारण दिसायला ती पाचवी पावतीच असते. उपाय एकच: हातात पडल्याबरोबर पासपोर्टात फोटोच्या पानावर, आणि पासपोर्टाला रबरबँड. घरातल्या सगळ्यांचे पासपोर्ट एकाच पाउचमध्ये ठेवून ते पाउच गाडीच्या सीटवर विसरणाऱ्या कर्त्या पुरुषांनी हा परिच्छेद दोनदा वाचावा.

नाक्यावर फोटो नाही. सैनिक, चिलखती गाड्या, पुलावरची चौकी यांचाही नाही. रशियन शांतिसैनिक १९९२ पासून इथे आहेत आणि त्यांना सेल्फीत यायची हौस नाही. लेनिनचे हवे तेवढे काढा, तो काही म्हणत नाही.

पुढे बेंडर लागतं. गंमत बघा, नीस्तरकाठचा देश मुख्यतः नदीच्या पूर्वेला, पण हे शहर नदीच्या पश्चिमेला, म्हणजे मोल्दोव्हाच्या अंगाला. बांध कधी सरळ नसतोच. इथला किल्ला तुर्की सुलतान सुलेमानाच्या काळातला, १५३८ चा, आणि इतका डागडुजी केलेला की आपल्याकडच्या गडांची सवय असलेल्या माणसाला तो कालच प्लास्टर केल्यासारखा वाटतो. पोल्ताव्हाला १७०९ मध्ये रशियाकडून हरलेला स्वीडनचा राजा बारावा चार्ल्स पळून इथे आला आणि पाहुणा म्हणून काही वर्षं मुक्काम ठोकून राहिला. शेवटी १७१३ मध्ये यजमान तुर्कांना त्याला हाताला धरून उठवायला सैन्य आणावं लागलं. लांबलेल्या पाहुण्याची याहून मोठी नोंद इतिहासात असेल असं मला वाटत नाही.

बेंडरमध्ये गाईडचा आवाज एका ठिकाणी खाली येतो. १९९२ च्या जूनमध्ये मोल्दोव्हा आणि वेगळे निघालेले यांच्यातली लढाई या रस्त्यांवर झाली. नगरपालिकेच्या इमारतीवर गोळ्यांच्या खुणा तशाच ठेवल्या आहेत. गाईड तिथलाच असेल तर त्याच्या ओळखीतलं कोणीतरी त्यात होतं, हे धरून चला. ‘मग चूक कोणाची?’ हा प्रश्न आपल्या गटातल्या एखाद्या काकांच्या ओठांवर आलेला असतो. त्यांना पाण्याची बाटली द्यावी.

पूल ओलांडला की तिरास्पोल. दोन गावांमध्ये १९ नंबरची ट्रॉलीबस धावते, गाईड सोडेल तर तिने जावं. पण त्याआधी पैसे बदलायचे.

परदेशी बँकांची कार्डं इथे चालतील या भरवशावर राहू नका. एटीएमसमोर उभं राहून चार-चारदा पिन दाबण्यात अर्थ नाही. पिन बरोबर आहे, देशच यादीत नाही. युरो किंवा डॉलर रोख न्या, नोटा कोऱ्या आणि लहान. सरकारी दर डॉलरला सोळाच्या आसपास रुबल असतो. इथला रुबल रशियाचा रुबल नाही, तो वेगळा, आणि किल्ल्याच्या बुरुजावरून जिथवर नजर जाते त्याच्या जरा पलीकडे गेलं की तो कागद होतो. म्हणून सुरुवातीला दहा युरोच बदला. पन्नास बदलणारा माणूस संध्याकाळी दुकानात उभा राहून सूर्यफुलाच्या बियांची सातवी पिशवी उचलताना दिसतो.

नोटांवर रशियन सरदार सुवोरोव्ह. त्याने १७९२ मध्ये तिरास्पोल वसवलं, म्हणून एक, पाच, दहा, पंचवीस सगळ्यांवर तोच. लोक नोटांना ‘सुवोरिक’च म्हणतात. पाचच्या नोटेमागे दारूचा कारखाना आहे. ज्या राज्याने चलनावर कारखाना छापला त्याच्या प्रामाणिकपणाबद्दल मला आदर आहे.

पण खरी मजा नाण्यांत. २०१४ पासून इथे प्लास्टिकची नाणी आहेत. एक रुबल गोल, तीन चौकोनी, पाच पंचकोनी, दहा षट्कोनी. हातात घेतली की वजन लागत नाही, उजेडाकडे धरली की आरपार दिसल्यासारखं वाटतं, आणि खिशात वाजत नाहीत. हे वाजत नाहीत प्रकरण मोठं त्रासाचं. आपल्याला सुटे पैसे कानाने मोजायची सवय. इथे खिसा मुका. गल्ल्यावरची बाई सतरा रुबल म्हणते आणि आपण तळहातावर भूमिती मांडतो: एक षट्कोन, एक पंचकोन, दोन गोल. किंवा षट्कोन, दोन चौकोन आणि एक गोल. तीनचं नाणं आपल्या आयुष्यात कधी आलेलं नसल्यामुळे प्रत्येक जण ते पाचचं समजून देतो आणि बाई शांतपणे चौकोनाचे कोपरे बोटाने मोजून दाखवते. मागची रांग हसत नाही. तिला सवय आहे, पर्यटक रोज येतात.

ती बाई ज्या दुकानात बसलेली असते त्याचं नाव बहुधा ‘शेरीफ’. सुपरमार्केट शेरीफ, पेट्रोलपंप शेरीफ, स्टेडियम शेरीफ. १९९३ मध्ये दोन माजी पोलिसांनी काढलेली ही कंपनी. गावात पाटील कोण हे विचारावं लागत नाही तसं. त्यांच्या फुटबॉल क्लबाने २८ सप्टेंबर २०२१ ला माद्रिदमध्ये जाऊन रिआल माद्रिदला २-१ असं हरवलं. आता पेच असा की हा क्लब तिकडे गेला तो मोल्दोव्हाचा विजेता म्हणून, कारण मान्यता नसलेल्या देशाची लीग कोण धरतो! देश वेगळा, पण फुटबॉल एकत्र कुटुंबात. २०२२ मध्ये तर युरोपीय सामन्यांसाठी ‘घरचं मैदान’ही किशिनावमध्ये होतं. शेत वाटून घेतलं तरी विहीर सामाईक राहते, त्यातलाच प्रकार.

पोस्टाचंही तेच. इथली सुरेख तिकिटं लावून घरी पत्र टाकाल तर ते नदी ओलांडणार नाही. ही तिकिटं आतल्या आतच चालतात. परदेशी जायचं पाकीट असेल तर त्याला मोल्दोव्हाचं तिकीट लागतं. तिकिटं संग्रहासाठी घ्या, पोस्टकार्ड किशिनावला टाका.

तिरास्पोल बघायला दोन तास पुष्कळ. संसदेपुढे अंगरखा पंखासारखा मागे उडालेला लेनिन, त्याच रस्त्यावर पुढे टी-३४ रणगाडा, शहिदांची स्मारकं, घोड्यावरचा सुवोरोव्ह. सोव्हिएत संघ बरणीत घालून ठेवलाय अशा समजुतीने येणाऱ्यांची जरा निराशा होते. लेनिनच्या पायाशी पोरं स्केटबोर्ड फिरवतात आणि समोरच्या हॉटेलात पिझ्झा मिळतो. ‘अजून जुनं काही नाही का?’ असं गाईडला विचारू नये. २०२५ च्या जानेवारीत रशियन गॅस बंद झाला तेव्हा ऐन थंडीत इथल्या घरांतलं हीटिंग बंद होतं, गरम पाणी नव्हतं. जुनं बघायची हौस त्यांची फिटली आहे.

जेवण. शाकाहाऱ्यांनी ‘ब्येझ म्यासा’ हे दोन शब्द पाठ करावेत, म्हणजे मांसाशिवाय. तेवढ्याने भागत नाही. बोर्श्ट या बिटाच्या सूपमध्ये मांसाचे तुकडे नसले तरी पाणी बहुधा मांस उकळलेलंच असतं आणि वाढणाऱ्याच्या लेखी ते शाकाहारी असतं. त्यापेक्षा बटाट्याचे वारेनिकी मागवा. उकडीची करंजीच ती, आत बटाटा, वर स्मेताना म्हणजे दाट आंबट साय. फक्त वरून तळलेल्या कांद्याबरोबर डुकराच्या चरबीचे कुरकुरीत तुकडे येऊ शकतात. ‘ब्येझ साला’ तेव्हाच सांगावं, बशी आल्यावर नाही. ममालिगा निर्धास्त: मक्याच्या पिठाची घट्ट उकड, सोबत खारट चीज. चिवड्याची पिशवी काढायचीच असेल तर ममालिगावर भुरभुरून बघा. मी तरी दोष देणार नाही.

पाचच्या नोटेमागचा तो कारखाना म्हणजे क्विंट, १८९७ पासूनची ब्रँडी. चव घेण्याचा कार्यक्रम आधी सांगून ठरवावा लागतो आणि तो शेवटी ठेवावा, सुरुवातीला ठेवल्यास किल्ल्याच्या पायऱ्या जड जातात. बाटली विमानात हातातल्या बॅगेत नेता येणार नाही हे विकत घेण्यापूर्वी आठवावं.

मोल्दोव्हाचं सिमकार्ड इथे मुकं होतं, नेटवर्क स्थानिक कंपनीचं. त्यामुळे नकाशा आणि रशियन भाषांतर सकाळी किशिनावमध्येच उतरवून घ्या. घरच्यांना आधी कळवा की दिवसभर फोन लागणार नाही. नाहीतर संध्याकाळी सिग्नल आल्यावर ‘कुठे आहेस’चे सतरा मेसेज येतात, आणि कुठे होतो ते नकाशावर दाखवायला गेलं तर तिथे मोल्दोव्हाच लिहिलेलं असतं.

परतीच्या नाक्यावर चिठ्ठी काढून घेतात. पासपोर्टात काही नाही, बँकेच्या नोंदीत काही नाही. उरलेल्या नोटा निघण्याआधी तिथेच बदलून घ्या. किशिनावच्या काउंटरवरचा माणूस सुवोरोव्हकडे एकदा बघतो आणि नोट काचेखालून परत सरकवतो. नाणी मात्र कोणी बदलून देईल याची खात्री नाही, दोन-चार खिशात राहतातच. घरी नव्या व्यापाराच्या डब्यात एखादी सोंगटी हरवलेली असते. तिथे चौकोनी तीनचं नाणं बरोबर बसतं, आणि दुसऱ्याच डावात ते मुंबईत घर बांधून भाडं मागतं.