पोतीसुद्धा परत करणारी माणसं

आमच्या घरात आजोबांच्या संपाचा विषय निघाला की कुणीतरी म्हणायचंच, "शिकलेले नव्हते ना, म्हणून नादी लागले." आजोबा लालबागच्या एका गिरणीत साचेखात्यात, म्हणजे माग चालवायच्या खात्यात होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, आणि त्यानंतर त्यांनी गिरणीच्या गेटात पाऊल टाकलं नाही. नादी लागल्याचं ते बोलणं मला लहानपणापासून खुपायचं, पण त्यावर उत्तर सुचायचं नाही. ते सापडलं खूप उशिरा, तेही इंग्लंडमधल्या विणकरांवर लिहिणाऱ्या ई. पी. थॉम्पसन या इंग्रज इतिहासकाराकडे.

थॉम्पसनचा जन्म १९२४ चा. त्याचे वडील मिशनरी म्हणून बंगालमध्ये राहिलेले, रवींद्रनाथांवर पुस्तक लिहिलेले. हा स्वतः कम्युनिस्ट पक्षात होता आणि १९५६ मध्ये सोव्हिएत फौजांनी हंगेरीतला उठाव चिरडला तेव्हा बाहेर पडला. लीड्स विद्यापीठातर्फे यॉर्कशायरच्या गावोगावी तो प्रौढांचे संध्याकाळचे वर्ग घ्यायचा. ते दिवस चालू असतानाच 'द मेकिंग ऑफ द इंग्लिश वर्किंग क्लास' लिहून झालं, १९६३ साली. ८०० पानांहून मोठा ग्रंथ आहे, पण माणसांनी इतका भरलेला की जड वाटत नाही.

लुडाइट म्हटलं की आजही आपण 'यंत्राला घाबरणारा' असा अर्थ घेतो. थॉम्पसन १८११-१२ च्या नॉटिंगहॅमशायरमध्ये जाऊन पाहतो. तिथल्या लुडाइटांनी, म्हणजे मोजे विणणाऱ्या कारागिरांनी, माग फोडले, पण सरसकट नाही. ज्या मालकांनी मजुरी पाडली, जे हलका माल काढून धंद्याचं नाव घालवत होते, त्यांचे फोडले. शेजारचे तसेच ठेवले. ही वेड्यांची झुंड नव्हती. कुणाच्या मागाला हात लावायचा आणि कुणाच्या नाही, हे ठरवूनच ती बाहेर पडत होती. सरकारने १८१२ मध्ये यंत्र फोडण्याला फाशीची शिक्षा लावली, तरी ते थांबले नाहीत.

१९७१ मध्ये त्याने अठराव्या शतकातल्या धान्याच्या दंगलींवर एक निबंध लिहिला. माझ्या मते त्याचं सगळ्यात सुंदर लेखन ते. त्यातला १७६६ चा, हॉनिटन गावचा प्रसंग मी कितीतरी जणांना सांगितलाय. लेस विणणाऱ्या कामगारांनी शेतकऱ्यांकडचं धान्य जबरदस्तीने उचललं, बाजारात नेलं, स्वतःच विकलं. आलेले पैसे शेतकऱ्यांना नेऊन दिले. आणि रिकामी पोतीसुद्धा परत केली! याला लूट कसं म्हणायचं? पोटात भूक असताना पोती मोजून परत करणाऱ्या माणसाच्या मनात रास्त भाव म्हणजे काय, याची पक्की कल्पना असते. थॉम्पसन तिला नैतिक अर्थव्यवस्था म्हणतो.

मला आजोबा दिसले ते इथे. त्यांच्या तोंडी 'हक्क' हा शब्द फारसा नसायचा. ते म्हणायचे, "हे बरोबर नाही." बदलीवाल्याला, म्हणजे कायम कामगार गैरहजर असेल तरच काम मिळणाऱ्याला, दारात ताटकळत ठेवणं बरोबर नाही. वीस वर्षं साचे चालवलेल्याला नव्या पोरासमोर अपमानित करणं बरोबर नाही. हे कुणी त्यांच्या कानात भरलेलं नव्हतं.

थॉम्पसनमध्ये उणिवा आहेत. एवढ्या मोठ्या ग्रंथात बायका कडेलाच राहतात. इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या कापडगिरण्यांचा कापूस कुठल्या गुलामांनी वेचला, तिथल्या कापडाने बंगालच्या विणकराचं काय केलं, याकडे त्याची नजर जवळजवळ जातच नाही. हे मला खरंच खटकतं. पण प्रस्तावनेत तो असंही म्हणतो की इंग्लंडमध्ये हरलेल्या लढाया आशिया-आफ्रिकेत अजून जिंकल्या जाऊ शकतील. हे वाचताना मी पुस्तक मिटून बराच वेळ बसलो होतो.

नव्याने वाचणाऱ्यांनी त्या जाड ग्रंथापासून सुरुवात करू नये. वेळ आणि कामाची शिस्त यावरचा त्याचा १९६७ चा निबंध आधी वाचा. घड्याळाचा अंमल बसण्याआधी माणसं वेळ कामावरून मोजायची. मादागास्करमध्ये म्हणे भात शिजेपर्यंतचा वेळ म्हणजे साधारण अर्धा तास. आपल्याकडे दिवस कासराभर वर यायचा, तसंच. मग कारखाने आले. स्कॉटलंडमधल्या डंडी शहराच्या गिरण्यांमधली एक आठवण त्यात आहे: मालक सकाळी घड्याळ पुढे सारायचे आणि संध्याकाळी मागे. कामगाराला स्वतःचं घड्याळ जवळ बाळगायची भीती वाटायची, कारण वेळ कळणाऱ्याला कामावरून काढून टाकत.

तो निबंध वाचल्यावर मी आजीजवळ बसलो. ती आता ८४ वर्षांची आहे. गिरण्यांचे भोंगे बंद होऊन किती वर्षं झाली, तरी तिचा हिशोब अजून भोंग्यांचाच आहे. बाबांच्या जन्माची वेळ विचारली तर म्हणाली, "रातपाळीचा भोंगा झाला, तुझा आजा जिना उतरला, आणि हा झाला. त्याला सकाळीच कळलं." हे सगळं मी आता फोनवर रेकॉर्ड करतोय, रोज थोडं थोडं. काल संपाच्या पहिल्या दिवसापर्यंत आलोय.