पुढंच बसा, खरी मजा तिथंच

गोव्याला जाऊन स्पीडबोटीनं बेटावर न जाता परत आलात तर सोसायटीत काय तोंड दाखवणार, हा विचार आधी नीट करून ठेवा. तो एकदा पक्का झाला की पुढचं सगळं आपोआप होतं. बागा-कळंगुटच्या रस्त्यावर दर वीस पावलांवर एक टेबल असतं, टेबलावर लॅमिनेशन केलेला कागद असतो आणि कागदावर मालदीवचं निळंशार पाणी असतं. ते पाणी बघूनच पैसे मोजा. मांडवी नदीच्या मुखाशी पाणी कटिंग चहाच्या रंगाचं असतं, पण तसं बोलून टेबलामागच्या पोराचा हिरमोड करू नका. त्यानं तरी मालदीव कुठं बघितलंय?

पॅकेजमध्ये सगळं असतं: ग्रँड आयलंड, स्पीडबोट, डॉल्फिन, स्कूबा, नाश्ता, जेवण, बिअर. यात एक प्रश्न चुकूनही विचारायचा नाही, तो म्हणजे "बेटावर उतरवणार का?" हे बेट वास्कोच्या पुढं समुद्रात आहे, तिथं वस्ती नाही, आणि बऱ्याच सहली बेटाच्या आडोशाला नांगर टाकून, तिथंच पोहायला सोडून, जेवायला घालून माघारी फिरतात. म्हणजे बेट तुम्हाला दिसतं. लग्नात स्टेजवरचं जोडपं शेवटच्या पंगतीतून जसं दिसतं, तसंच. तेवढ्यासाठी बेटाला पाय कशाला लावायचा? (स्कूबाबद्दल मी काही लिहीत नाही. माणसाचा हात धरून थोडा वेळ पाण्याखाली नेतात, व्हिडिओ काढतात, वर आणतात. व्हिडिओ चांगला येतो.)

वेळ निवडताना शाळेतला भूगोल विसरा. दिवसा समुद्राकडून जमिनीकडे वाहतात ते खारे वारे आणि रात्री जमिनीकडून समुद्राकडे वाहतात ते मतलई वारे, हे आपण दोन मार्कांसाठी पाठ केलं होतं, समुद्रात जाण्यासाठी नाही. सकाळी पाणी ताटातल्या वरणासारखं सपाट असतं आणि ऊन चढलं की वारा सुटून लाटा उठायला लागतात, ही गोष्ट इथल्या कोळ्यांना माहीत असते म्हणून ते पहाटे जातात. तुम्ही सुट्टीवर आहात. गाडी सातला न्यायला आली तर तिला थांबवून ठेवा, मग ती आणखी चार हॉटेलं फिरून माणसं गोळा करेल आणि धक्क्यावर पोचेपर्यंत समुद्रही तयारीत असेल. त्याहून जास्त थरार हवा असेल तर पावसाळ्यात या. जून ते सप्टेंबर पाण्यातले खेळ बंद असतात, तरी "आपल्यासाठी बघतो काहीतरी" म्हणणारा कोणी ना कोणी भेटतोच. अशा देवमाणसाला सोडू नका.

निघण्याआधी भरपेट खा. आमच्या मेहुण्यांनी रस-ऑम्लेटच्या, म्हणजे रस्सा ओतलेल्या ऑम्लेटच्या, दोन प्लेटी आणि वर चार पाव घेतले होते, कारण पॅकेजमधला नाश्ता म्हणजे केळं आणि सामोसा असणार, अशी त्यांची अटकळ होती. अटकळ खरी ठरली आणि त्यांनी तोही खाल्ला. उलटीची गोळी अर्धा-एक तास आधी घ्यायची असते, म्हणून ती खिशात ठेवा आणि पहिली उलटी झाल्यावर घ्या, म्हणजे ती दुसऱ्या उलटीबरोबर बाहेर पडेल आणि पैसे वाया गेले नाहीत असं वाटेल. बायकोनं आलेपाकाच्या वड्या दिल्या असतील तर त्या हॉटेलवर विसरा.

आता बोटीत चढणं. धक्का असेल तर तुमचं नशीब फुटकं, कारण तिथून सरळ पाय टाकून आत जाता येतं. पाळोळ्यासारख्या ठिकाणी मात्र वाळूवरून पाण्यात शिरून बोट गाठावी लागते. पॅन्ट गुडघ्यापर्यंत दुमडा, समुद्राला तो अंदाज फार आवडतो. मोबाइल वरच्या खिशात ठेवा, वाकलात की तो बरोबर सुटतो. चाकांची बॅग आणली असेल तर फारच उत्तम. चाकं वाळूत चालत नाहीत आणि पाण्यात तर मुळीच नाहीत, हा शोध स्वतः लावण्यात वेगळा आनंद आहे.

मग लाइफ जॅकेट. आमच्या बोटीतल्या जॅकेटांचा ढीग पुढच्या फळीखाली कोंबलेला होता, नारळाच्या सोडणांसारखा. मला जे मिळालं ते अजून आदल्या दिवशीच्या माणसाच्या घामानं ओलं होतं. तीन पट्ट्यांपैकी एकाचं बक्कल होतं, एकाचं निम्मं होतं, आणि तिसऱ्याच्या जागी जाळ्याची निळी नायलॉनची दोरी होती, तिला सरगाठ मारलेली. मी गाठ ओढून बघितली. तांडेल, म्हणजे बोट चालवणारा, हसला. "कांयच जावचें ना, पात्रांव," म्हणाला. म्हणजे काही होणार नाही, मालक. हे वाक्य गोव्यात विम्याच्या पॉलिसीसारखं वापरतात, फक्त हप्ता नसतो. तुम्ही जॅकेट घाला, पण पट्टे लावू नका. फोटोत पोट दिसतं. पट्टे न लावलेलं जॅकेट पाण्यात पडल्यावर सरकून कानांवर येतं आणि माणूस त्यातून खाली निसटतो, हे पडल्याशिवाय कळत नाही. 2024 च्या नाताळात कळंगुटला पर्यटकांची बोट उलटली आणि एक माणूस गेला. ते वाचून मी आता दोरीची गाठही दोनदा मारतो, आणि मेहुणे मला भित्रा म्हणतात.

बोटीत किती माणसं बसवायची तो आकडा परवान्यात असतो, बंदर कप्तान खात्याकडे त्याची नोंद असते. तुम्ही तो आकडा विचारू नका. आपल्याला एसटीची सवय आहे, "अजून दोघं बसतील" हे ऐकल्याशिवाय प्रवास सुरू झाल्यासारखं वाटत नाही. चालकाजवळ एक लाल, वळ्यावळ्यांची दोरी असते. तिचं एक टोक इंजिनाच्या बटणाला असतं, दुसरं त्यानं मनगटाला अडकवायचं, म्हणजे तो पाण्यात पडला तर दोरी सुटून इंजिन आपोआप बंद पडतं आणि बोट पडलेल्या माणसांवरून फिरत नाही. आमच्या बोटीत त्या दोरीला लिंबू-मिरची बांधली होती. सुरक्षेची जबाबदारी कोणाकडे आहे, हे असं स्पष्ट असलेलं बरं.

आणि आता बसायची जागा. इथं माझं ऐका. पुढंच बसा.

मागं, इंजिनाजवळ, पेट्रोलचा वास येतो, पाणी अंगावर उडतं, आणि व्हिडिओत सगळ्यांची डोकी येतात. जाणकार माणसं तिथं गुपचूप जाऊन बसतात, कारण वेग घेतला की बोटीची नाळ, म्हणजे पुढचं टोक, वर उचलली जाते आणि मागचा भाग पाण्यात टेकून राहतो. म्हणजे बोट सी-सॉसारखी होते आणि ज्या टोकाला तुम्ही बसलात ते टोक लाटेवरून सुटून खाली आपटतं. वीस नॉट म्हणजे ताशी 37 किलोमीटर. पणजी-म्हापसा रस्त्यावर या वेगानं स्कूटर चालवलीत तर मागचा हॉर्न वाजवून जीव घेईल. पण पाण्यावर या वेगानं आपटलं की पाणी पाणी राहत नाही, काँक्रीट होतं. ताठ बसून, पाय पुढं पसरून, हातात मोबाइल धरून असलेल्या माणसाचा मणका अशा आपटण्यात दबून मोडतो, आणि तो बहुधा पाठ जिथं कमरेला मिळते तिथलाच असतो. डॉक्टरांना ही केस ओळखीची आहे. म्हणून गुडघे वाकवून, पायांवर भार घेऊन, कठडा धरून अर्धवट उठल्यासारखं बसायचं असतं, पण तसं बसलेला माणूस शौचाला बसल्यासारखा दिसतो आणि ते स्टेटसला ठेवता येत नाही. गरोदर बाई, पाठीचं ऑपरेशन झालेले आजोबा आणि तीन वर्षांची नात, या सगळ्यांना पुढं बसवा. त्यांना वारा लागेल.

मेहुणे पुढंच बसले. मांडवीत काहीच झालं नाही. कॅसिनोच्या बोटी मागं पडल्या, डावीकडे काबोचं टोक आलं, उजवीकडे आग्वाद. 1612 सालचा किल्ला, 1864 चं दीपगृह, आणि जहाजं इथं गोडं पाणी भरायची म्हणून ते नाव, अशी सगळी माहिती मी देत होतो आणि कोणी ऐकत नव्हतं. नदीच्या मुखाशी वाळूचा बांध आहे, त्यावर लाटा उभ्या राहतात, हे मी सांगणार तेवढ्यात ते आपोआप समजलं. पहिल्या आपटीला सगळे "होऽऽ" ओरडले. दुसऱ्या आपटीला निम्मे ओरडले. तिसऱ्या आपटीनंतर बोटीत फक्त इंजिनाचा आवाज होता आणि मेहुण्यांच्या तोंडून, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, "आई गं".

रस-ऑम्लेट त्यानंतर आलं. इथं दिशेचं भान ठेवू नका. वारा कुठून येतोय ते बघून त्याच्या उलट बाजूला वाकावं, असं खलाशी ओरडून सांगत होता, पण ऐनवेळी कोकणी कोणाला कळतं? मेहुणे वाऱ्याकडे तोंड करून वाकले. मागच्या रांगेतल्या इंदूरच्या कुटुंबाची आणि आमची ओळख अशी झाली. नजर लांब क्षितिजावर ठेवली तर डोळे आणि कान यांचं भांडण मिटतं आणि मळमळ कमी होते, म्हणून तुम्ही नजर मोबाइलवर ठेवा आणि आपल्याच उलटीचा व्हिडिओ नीट आला का ते तपासा.

डॉल्फिन दिसले. म्हणजे एक करडी पाठ दिसली, मग तिच्याभोवती पाच बोटी दिसल्या, मग पाठ दिसली नाही.

या सगळ्यात एक चूक मात्र करू नका. रायबंदर किंवा जुन्या गोव्याच्या धक्क्यावर जाऊन जुन्या, साध्या फेरीबोटीत चढू नका. ती लोखंडी, चपटी आणि लाजिरवाणी असते. पायी जाणाऱ्याकडून पैसे घेत नाहीत, त्यावरूनच तिची लायकी कळते. स्कूटरी, एखादी गाडी, शाळेची पोरं, मासळीची पाटी घेतलेली बाई, असा माल भरून ती काही मिनिटांत पलीकडे जाते आणि तिची फळी धक्क्यावर धाडकन पडते, एवढाच काय तो थरार. कोणी पडत नाही, कोणी ओकत नाही. चोडण बेटावर उतरलात तर खारफुटी आणि सलीम अली पक्षी अभयारण्य. दिवाडी बेटावर उतरलात तर भातशेती, जुनी घरं आणि ऑगस्टच्या चौथ्या शनिवारी बोंदेरां, म्हणजे झेंड्यांचा उत्सव. सप्तकोटेश्वराचं मूळ देऊळ या दिवाडीवर होतं. पोर्तुगिजांनी ते पाडल्यावर देवाला नदीपलीकडे नार्व्यात नेलं आणि 1668 साली शिवाजी महाराजांनी तिथल्या देवळाचा जीर्णोद्धार करवला. देवाचीही ही ट्रान्सफर स्पीडबोटीनं झालेली नाही, मग तिचं काय कौतुक करायचं?

आम्ही परतलो तेव्हा दुपार टळली होती. मेहुणे मिरामारला बाकावर कमरेला पट्टा लावून बसले. पट्टा लगेच मिळाला, औषधाच्या दुकानात असे पट्टे समोरच टांगलेले असतात.

"बेट नीट बघायचं राहिलंच," ते म्हणाले.

मी म्हटलं, "भावोजी, तुम्ही तीन दिवस बेटावरच आहात. इकडे मांडवी, तिकडे जुवारी, आणि मागच्या बाजूनं दोघींना जोडणारा कुंभारजुव्याचा कालवा. ही तिसवाडी चहूबाजूंनी पाण्यात आहे. पणजी बेटावरच आहे. आपण पुलावरून आलो म्हणून कळलं नाही."

ते बराच वेळ मांडवीकडे बघत राहिले. मग पट्टा सैल करत म्हणाले, "मग त्या टेबलवाल्याकडून पैसे परत मागता येतील का?"