दिव्यांगांची पेन्शन ‘देशात कुठेही’ मिळत नाही, आणि दोन राज्यांची तर नाहीच

सध्या एक मेसेज फिरतोय. ‘दिव्यांगांसाठी आनंदाची बातमी! एक देश, एक कार्ड! 1 जानेवारीपासून पेन्शन देशात कुठेही. यूडीआयडी असेल तर राज्य बदललं तरी जुनी पेन्शन चालू राहते, नव्या राज्यातही अर्ज करा, दोन्ही मिळतील. जुन्या ऑफिसात कळवायची गरज नाही. हयातीचा दाखलाही बंद. कोणी अडवलं तर कलम 58 दाखवा.’ खाली जोडलेले हात आणि ‘गरजूंपर्यंत पोचवा’. (यूडीआयडी म्हणजे दिव्यांगांचं देशपातळीवरचं ओळखपत्र.)

गरजूंपर्यंत तो पोचला. परळच्या माझ्या मावशीने तो मला पाठवला. तिचा मुलगा सेरेब्रल पाल्सीचा, दिव्यांगत्व 85 टक्के. भाड्याची खोली सोडून दोघं म्हापशाला, माझ्या मावसबहिणीकडे कायमची जाणार आहेत. मेसेज वाचून मावशीने ठरवूनही टाकलं: संजय गांधीचे, म्हणजे महाराष्ट्र सरकारच्या पेन्शनचे, पैसे इथे चालू ठेवायचे, गोव्यालाही अर्ज करायचा आणि इथे कुणापाशी बोलायचं नाही. ‘अगं, कायद्यातच आहे म्हणे,’ असं ती फोनवर म्हणाली तेव्हा माझं डोकं फिरलं. आयुष्यात कुणाचा रुपया न बुडवलेल्या बाईला हा मेसेज गुन्हा करायला सांगतोय, तोही कायद्याचं नाव घेऊन.

तर आधी कायदाच बघू. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, 2016. त्यात कलम 58 आहे, आणि दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र देशभर वैध राहील असं त्यात स्पष्ट लिहिलंय. मेसेजमधलं एवढं खरं, हे मान्य करावं लागेल. आणि ते किरकोळ नाही. वाढत्या वयाच्या मुलाला उचलून चाळीचे जिने उतरायचे, टॅक्सीवाल्याच्या विनवण्या करायच्या, सरकारी हॉस्पिटलच्या बाकावर तासन् तास बसायचं, हे प्रमाणपत्रासाठी ज्यांनी केलंय त्यांना विचारा. गोव्यात गेल्यावर ‘हे महाराष्ट्राचं आहे, नवीन काढा’ असं कुणी म्हणालं तर जरूर कलम 58 दाखवा.

पण ते कलम प्रमाणपत्राबद्दल आहे. पैशाचा विषय कलम 24 मध्ये येतो, आणि तिथे भाषा वेगळी आहे: त्या त्या सरकारने आपल्या आर्थिक कुवतीच्या मर्यादेत सामाजिक सुरक्षेच्या योजना आखाव्यात. म्हणजे योजना राज्याची, तिजोरी राज्याची आणि अटीही राज्याच्याच. महाराष्ट्राची संजय गांधी निराधार अनुदान योजना घ्या. दिव्यांगांना ऑक्टोबर 2025 पासून महिना 2,500 रुपये झाले, आधी 1,500 होते. पण अर्जदार किमान 15 वर्षं महाराष्ट्राचा रहिवासी हवा. गोव्याच्या दयानंद सामाजिक सुरक्षा योजनेतही 15 वर्षांच्या वास्तव्याची अट आहे. दिल्लीत 5 वर्षं. यूडीआयडी कार्डाने तुमचं दिव्यांगत्व सिद्ध होतं, वास्तव्य होत नाही. निळं कार्ड हातात असलं, म्हणजे 80 टक्के किंवा त्याहून जास्त दिव्यांगत्व असलं, तरी म्हापशाला पोचल्या दिवशी भावाच्या खात्यावर गोवा सरकारचा एक रुपया येणार नाही.

आता ‘दोन्ही मिळतील, कळवू नका’. सगळ्यात घातक वाक्य हेच आणि लोकांना सगळ्यात जास्त आवडलेलंही हेच. याच कायद्याचं कलम 91 मेसेज लिहिणाऱ्याने वाचलेलं दिसत नाही. दिव्यांगांसाठीचा लाभ जो कोणी फसवून घेईल किंवा घ्यायचा प्रयत्न करेल, त्याला दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. खोली सोडली, राज्य सोडलं आणि कागदावर परळचाच पत्ता ठेवून महिन्याच्या महिन्याला पैसे उचलले, तर याला दुसरं काय म्हणणार? आणि सापडल्यावर जबाब कोण देणार? मुलाला बोलता येत नाही. अर्जावर सही आईची.

‘कळणार कुणाला?’ असंही मावशीने विचारलं. कळतं. पैसे आता डीबीटीने येतात, म्हणजे आधारशी जोडलेल्या खात्यात. एका आधारवर असे पैसे एकाच खात्यात पडतात, जे शेवटचं जोडलंय त्यात. खाती दोन ठेवली, एक दादरच्या बँकेत आणि एक म्हापशाच्या, तरी उपयोग नाही. दोन्ही राज्यांचे पैसे एकाच पासबुकात एकाखाली एक छापून येतील, योजनेच्या नावासकट. शिवाय गोव्यात शिधापत्रिका, गॅस अशा कामांना आधारवरचा पत्ता आज ना उद्या बदलावा लागेल. तो बदलला की परळचं वास्तव्य संपलं. नंतर वसुलीची नोटीस आली तर अडीच हजाराने वर्षाचे तीस हजार होतात. ते ती बाई कुठून आणणार होती?

हयातीचा दाखला बंद झालेला नाही. दरवर्षी द्यावा लागतो, नाही दिला तर पेन्शन थांबते. या एका ओळीवर विश्वास ठेवून, राज्य न सोडलेल्या माणसाचेही पैसे अडकतील.

राहिली 1 जानेवारी. ही तारीख हवेतून आलेली नाही. 1 जानेवारी 2025 पासून ईपीएफओने, म्हणजे प्रॉव्हिडंट फंडाच्या संघटनेने, केंद्रीकृत पेन्शन वाटप सुरू केलं आणि 68 लाखांवर पेन्शनरांना देशातल्या कुठल्याही बँकेतून, कुठल्याही शाखेतून पेन्शन घेता यायला लागली. पण ती ईपीएस 1995 या कर्मचारी पेन्शन योजनेची पेन्शन, नोकरीत असताना पगारातून फंड कापला गेलेल्यांची. त्यात अपंगत्वाचीही पेन्शन आहे, म्हणून कुणीतरी दोन बातम्या एकत्र कालवल्या असणार. कामावर अपघात होऊन ईएसआयसीकडून, म्हणजे कामगार विम्यातून, कायम अपंगत्वाचा लाभ घेणाऱ्यांचंही तसंच. वर्गणी भरून मिळवलेला तो हक्क आहे, राज्य बदलल्याने तो जात नाही. तेव्हा घाबरून जाण्याआधी आपली पेन्शन नक्की कुठली ते पासबुकात बघा. गिरणगावात एकाच घरात बापाला ईपीएसची आणि मुलाला संजय गांधीची पेन्शन असते, आणि दोन्हीला ‘पेन्शन’च म्हणतात.

रेल्वेची सवलत, आयकरातली दिव्यांगांची वजावट, निरामय योजनेचा एक लाखाचा आरोग्य विमा ही केंद्राची कामं. ती राज्य बदललं तरी तशीच राहतात, त्यात वाद नाही.

मावशीला मी शेवटी एवढंच करायला लावलं. जायच्या आधी तहसील कार्यालयात अर्ज द्यायचा की आम्ही अमुक तारखेपासून राज्याबाहेर जातोय, आणि त्याची शिक्का मारलेली पोच घ्यायची. गोव्यात गेल्यावर आधारवर आणि यूडीआयडीच्या स्वावलंबन पोर्टलवर पत्ता बदलायचा. आणि तिथल्या वास्तव्याचा पहिल्या दिवसापासूनचा कागद जपून ठेवायचा. ती गप्प झाली, मग म्हणाली, ‘म्हणजे पंधरा वर्षं काहीच नाही?’

या प्रश्नाला माझ्याकडे चांगलं उत्तर नव्हतं, आणि राग खरा इथे आहे. मेसेजवाल्याने खोटं सांगितलं, पण जे सांगितलं ते व्हायला हवं होतं. रेशन देशात कुठेही मिळतं, 2022 पर्यंत सगळी राज्यं त्यात आली, कारण त्यामागे केंद्राचा 2013 चा अन्नसुरक्षा कायदा आहे. 80 टक्क्यांवरच्या, दारिद्र्यरेषेखालच्या दिव्यांगांसाठी केंद्राचीही पेन्शन आहेच, इंदिरा गांधी राष्ट्रीय दिव्यांग निवृत्तीवेतन योजना. तिचे 300 रुपये 2012 पासून 300 च आहेत आणि तेही राज्याच्या हातूनच मिळतात. निदान हा केंद्राचा वाटा तरी माणसाबरोबर जायला हवा, आणि राज्य सोडलेल्याची जुन्या राज्यातली वर्षं नव्या राज्याने धरायला हवीत. आपल्या खासदाराकडे मागायची गोष्ट ही आहे. आमच्या मतदारसंघाच्या खासदारांना मी तसं पत्र लिहिलंय, भावाच्या प्रमाणपत्राची प्रत जोडून.