जंक्शन बॉक्स प्लॅस्टरखाली नको, हे मी अजूनही म्हणतो

काका, जंक्शन बॉक्स, म्हणजे वायरींचे जॉइंट ठेवायचा डबा, प्लॅस्टरखाली बुजवू नका, असं मी लिहिलं होतं; त्यावर इतकं सविस्तर लिहिलंत, आभार. तुमचं म्हणणं असं: बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या तुमच्या घरी चाळीस वर्षांत वायरिंगला काही झालं नाही, नव्याने रंगवायच्या भिंतीवर बॉक्सचं झाकण वाईट दिसतं, आणि काही बिघडलंच तर एमसीबी (मीटरजवळचा आपोआप बंद होणारा स्विच) पडतेच, मग मी लोकांना उगाच घाबरवतो.

एमसीबीचं आधी सांगतो, कारण हा गैरसमज मला सगळ्यात धोक्याचा वाटतो. करंट मर्यादेबाहेर गेला किंवा शॉर्ट झालं, तरच ती पडते. सैल जॉइंटमुळे करंट वाढत नाही. दोन किलोवॉटचा गीझर २३० व्होल्टवर साधारण ८.७ अँपिअर घेतो आणि एमसीबीला सगळं ठीकच दिसतं. पण सैल जागी रोध जास्त, त्यामुळे तेवढ्याच करंटने जॉइंट तापतो, तांबं काळं पडतं, रोध आणखी वाढतो, शेवटी टेप जळते. आरसीसीबीलाही (करंट गळाला तर वीज तोडणाऱ्या स्विचला) हे कळत नाही, कारण करंट बाहेर कुठे गळत नसतो. झाकण उघडून बघणाऱ्याला मात्र काळवंडलेली वायर लगेच दिसते. बॉक्स प्लॅस्टरखाली गेला की बघणार कसं?

चाळीस वर्षांचं तुमचं खरंच आहे. पण तुम्हीच लिहिलंय की वायर लाकडी पट्टीतून भिंतीवरून गेलीय. म्हणजे तुमचे जॉइंट उघडता येतात! शिवाय तेव्हा भार होता दिवे-पंख्यांचा. करंट दुप्पट झाला की जॉइंटमधली उष्णता चौपट होते, आणि आता तुम्ही त्याच वायरवर एसी घेणार आहात. तसं करू नका. एसीला मीटरपासून वेगळी, ४ चौरस मिलिमीटरची तांब्याची वायर ओढून घ्या.

झाकणाला भिंतीचाच रंग द्या, फक्त स्क्रू रंगाने बुजवू नका.

एका बाबतीत तुमची टीका मान्य. बॉक्स छातीच्या उंचीवर घ्या, असं मी सरसकट लिहिलं होतं. वरच्या मजल्यांना ते लागू नाही. ते लिहिताना डोळ्यांपुढे आमचं समा भागातलं तळमजल्याचं घर होतं. ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्रीचं पाणी घरात आलं. ओसरल्यावर आरसीसीबी वर टिकेचना. वायरमनने एकेक सर्किट सोडवून पाहिलं, तरी दोन दिवस गेले. दोष सापडला कपाटामागे, गुडघ्याएवढ्या उंचीवर, प्लॅस्टरखाली बुजवलेल्या बॉक्समध्ये. आत गाळ भरला होता. तो बॉक्स तिथे आहे हे आमच्यापैकी कोणालाच माहीत नव्हतं. आई ते दोन दिवस पंख्याविना होती.

तुमच्याकडे रंगारी दिवाळीआधी येणार ना? त्याआधी वायरमनला बोलावून प्रत्येक बॉक्स उघडायला लावा, मेन बंद करून. आणि पीओपी करणार असाल तर छत झाकण्यापूर्वी मोजपट्टी धरून बॉक्सचे फोटो काढून ठेवा. फोटो मला पाठवलेत तर मीही बघेन.